सात बहिणी आणि आठ घरं

शुक्रवारी दुपारी चारच्या चहाला नागपुरातल्या कुठल्याही ऑफिसात एकच विषय असतो. वीकएन्डला कुठे? ताडोबाचं बुकिंग मिळत नाही, पेंच तीनदा करून झालेलं असतं, आणि मग ग्रुपमधलं कुणीतरी म्हणतं, 'चला ना बे, नवेगाव बांधला जाऊ.' भंडारा, साकोली, कोहमारा आणि कोहमाऱ्याहून उजवीकडे. अडीच-तीन तासांत तुम्ही गोंदिया जिल्ह्यातल्या अर्जुनी मोरगाव तालुक्यात. दोन्ही बाजूंना धानाच्या बांध्या, भोवती जंगल आणि समोर एकदम समुद्र वाटावा एवढं पाणी. हिवाळ्यात गेलात तर पाण्यावर लांबून आलेले पक्षी. १९७५ पासून हे राष्ट्रीय उद्यान, २०१३ पासून नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्पाचा भाग. मारुती चितमपल्लींनी वनखात्यात असताना इथं वर्षं काढली आणि आपल्याला जंगल वाचायला शिकवलं. थोडक्यात काय, फोटो सॉलिड येतात.

फोटोत न येणारी गोष्ट अशी, की हा तलाव आयता मिळालेला नाही. तो बांधलेला आहे. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला कोलू पाटील कोहळी यानं तो बांधला, असं सांगतात. कोहळी म्हणजे पूर्व विदर्भातला तलाव बांधणारा समाज. पावसाचं पाणी अडवायचं, साठवायचं आणि पाटानं धानाला द्यायचं, हे त्यांचं शास्त्र. तेव्हा ना सिमेंट होतं, ना जेसीबी. पुढे या कोलू पाटलाचा कोलासूर देव झाला. काठावरच्या एका डोंगरावर त्याचं ठाणं आहे. आणि तलावाभोवतीच्या डोंगरांना लोक म्हणतात, सात बहिणी. या सात बहिणींनी बांध घालायला हात लावला, अशी इथली जुनी समजूत.

आता जरा विचार करा. पाटलाचा देव झाला, नावासकट. बहिणींचे डोंगर झाले, नुसता आकडा लावून. आपण सगळे त्यांच्यासमोर उभे राहून फोटो काढतो आणि त्यांच्यापैकी एकीचंही नाव कुणी विचारत नाही.

हे सगळं सांगायचं कारण बुद्धिबळ आहे. दचकू नका, जोडतो.

२८ जुलै २०२५ ला जॉर्जियातल्या बाटुमी गावात नागपूरची दिव्या देशमुख महिलांचा बुद्धिबळ विश्वचषक जिंकली. वय वर्षं १९. त्या संध्याकाळपासून अख्ख्या विदर्भात तिच्याशी ओळख नसलेला माणूस उरला नाही. कुणाच्या मावशीच्या शेजारी ती राहते, कुणाच्या भाचीच्या शाळेत ती होती. 'आपली दिव्या' म्हणताना छाती दोन इंच फुगते, आणि फुगावी, त्यात काही वाईट नाही. पण त्याच दमात आणखी एक शब्द यायचा. 'रातोरात.' पोरगी रातोरात ग्रँडमास्टर झाली!

तांत्रिकदृष्ट्या हे खरं आहे. म्हणून आधी तो फंडा क्लिअर करू. ग्रँडमास्टर व्हायला साधारणपणे दोन गोष्टी लागतात. २५०० चं रेटिंग आणि तीन नॉर्म. नॉर्म म्हणजे एखाद्या तगड्या स्पर्धेत ग्रँडमास्टरच्या दर्जाची कामगिरी करून दाखवायची, आणि ती तीनदा. आपल्या भाषेत, तीन अप्रेझल 'आउटस्टँडिंग' आल्याशिवाय प्रमोशन नाही. दिव्याकडे बाटुमीला जाताना एकही नॉर्म नव्हता. रेटिंग होतं २४६३. पण महिला विश्वचषक जिंकणारीला किताब थेट मिळतो, असा जागतिक बुद्धिबळ महासंघाचा म्हणजे फिडेचा नियम आहे. त्यामुळे शेवटचा डाव संपला आणि ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली. भारतीय बायकांमध्ये चौथी. आधीच्या तिघी कोनेरू हम्पी, द्रोणावल्ली हरिका आणि आर. वैशाली. एखाद्या नॉर्मच्या आशेनं गेलेली मुलगी अख्खा किताब घेऊन आली, म्हणून तिनं स्वतःही नशिबाचं नाव घेतलं. ते तिला शोभतं. आपण मात्र एवढ्यावर थांबलो तर गडबड होते.

कारण ही 'रात' मोजायला बसलात, तर ती तेरा वर्षांची निघते. २०१२ मध्ये सात वर्षांखालच्या मुलींची राष्ट्रीय विजेती. २०१४ मध्ये दक्षिण आफ्रिकेत डर्बनला दहा वर्षांखालची जगज्जेती. २०१७ मध्ये ब्राझीलमध्ये बारा वर्षांखालची जगज्जेती. २०२१ मध्ये वूमन ग्रँडमास्टर, २०२२ मध्ये राष्ट्रीय महिला विजेती, २०२३ मध्ये आल्माटीत आशियाई विजेती आणि इंटरनॅशनल मास्टर. २०२४ मध्ये गांधीनगरला वीस वर्षांखालची जगज्जेती, अकरापैकी दहा गुण घेऊन. तुमच्या-माझ्या सीव्हीत 'हॉबीज' नावाच्या रकान्यात जे असतं, ते या मुलीचं पाचव्या वर्षापासूनचं काम आहे.

आणि ही रात तेरा वर्षांचीही नाही. ती पन्नास वर्षांची आहे. इथं त्या बहिणी येतात.

पहिल्या तिघी तर सख्ख्या बहिणीच. मुंबईच्या खाडिलकर. 'नवाकाळ'चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या मुली वासंती, जयश्री आणि रोहिणी. १९७४ मध्ये देशात पहिली राष्ट्रीय महिला बुद्धिबळ स्पर्धा झाली, ती वासंतीनं जिंकली. पुढची जवळजवळ दहा वर्षं हा किताब खाडिलकरांच्या घरातच या खोलीतून त्या खोलीत फिरत राहिला. जयश्री १९७९ मध्ये भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली. रोहिणीनं राष्ट्रीय किताब पाच वेळा घेतला आणि १९८१ मध्ये ती आशियाई विजेती झाली.

पण रोहिणीचं खरं काम त्याआधीचं. १९७६ मध्ये, तेरा वर्षांची असताना, ती पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. मुलगी पुरुषांत कशी, म्हणून गदारोळ झाला, प्रकरण कोर्टात गेलं. शेवटी फिडेचे अध्यक्ष मॅक्स यूवे यांनी निकाल दिला, की बाई आहे म्हणून कुणालाही राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय स्पर्धेतून बाहेर ठेवता येणार नाही. बॉस, तेरा वर्षं! त्या वयात आपण वर्गात मॉनिटर होण्यासाठी भांडत होतो.

मग आल्या भाग्यश्री साठे, लग्नानंतरच्या ठिपसे, आणि अनुपमा अभ्यंकर, लग्नानंतरच्या गोखले. दोघींनीही राष्ट्रीय किताब पाच-पाच वेळा जिंकला. १९८६ मध्ये अनुपमाला आणि १९८७ मध्ये भाग्यश्रीला पद्मश्री मिळाली. अनुपमा तेव्हा शाळकरी वयाची होती. भाग्यश्री १९९१ मध्ये आशियाई विजेती झाली. ही नावं आज किती जणांना आठवतात? त्याच सुमाराच्या क्रिकेट संघातला बारावा खेळाडू मात्र आपल्याला पाठ असतो.

सांगलीची स्वाती घाटे, वूमन ग्रँडमास्टर. सांगलीत बुद्धिबळ आहे ते भाऊसाहेब पडसलगीकरांमुळे. नूतन बुद्धिबळ मंडळ नावाचा एक बांध या माणसानं आयुष्यभर राखला आणि त्याच्या पाण्यावर कित्येक पिकं निघाली. मग पुण्याच्या दोघी. ईशा करवडे, वूमन ग्रँडमास्टर आणि पुढे इंटरनॅशनल मास्टर. आणि सौम्या स्वामीनाथन. सौम्या २००९ मध्ये अर्जेंटिनात वीस वर्षांखालच्या मुलींची जगज्जेती झाली. २०१८ मध्ये इराणमधल्या आशियाई स्पर्धेत खेळायचं तर डोक्याला स्कार्फ बांधावा लागणार होता. सौम्यानं सांगितलं, मग मी खेळत नाही, आणि भारतीय संघातलं नाव मागे घेतलं. करिअरमध्ये 'नाही' म्हणायची किंमत काय असते, हे एचआरसमोर बसलेल्या कुणालाही विचारा.

मोजलंत? सात म्हणता म्हणता आठ झाल्या. चालायचंच. बुद्धिबळाच्या पटावरही एका ओळीत घरं आठच असतात.

आता या ओळीला दिव्या कशी जोडली जाते बघा. २०२२ मध्ये चेन्नईजवळ मामल्लपुरमला बुद्धिबळ ऑलिंपियाड झालं. यजमान म्हणून भारताचे महिलांचेही एकाहून अधिक संघ होते. दुसऱ्या संघात सौम्या होती, आणि त्याच संघात राखीव खेळाडू म्हणून सोळा वर्षांची दिव्या. राखीव जागेवरून खेळून तिनं वैयक्तिक कांस्यपदक घेतलं. दोन वर्षांनी, सौम्याच्या किताबानंतर पंधरा वर्षांनी, तोच वीस वर्षांखालचा जागतिक किताब दिव्याकडे आला. पाणी एका तलावातून दुसऱ्या तलावात कसं जातं, ते असं.

त्याच ऑलिंपियाडमधली एक पोलिश मुलगी मला विसरता येत नाही. ओलिविया क्योबासा, तेव्हा बावीस वर्षांची. सुरुवातीचे नऊ डाव ती ओळीनं जिंकली. नऊपैकी नऊ! नवव्या फेरीत तिनं आपल्या वैशालीला हरवलं आणि पोलंडनं भारताच्या पहिल्या संघाला २.५-१.५ असा दणका दिला. सुवर्ण हातात येता येता आपलं कांस्य झालं. दोन वर्षांनी बुडापेस्टला पुन्हा तेच. सलग सात सामने जिंकून आलेल्या आपल्या मुलींना आठव्या फेरीत पुन्हा पोलंड भेटलं, आणि पुन्हा २.५-१.५. त्या दिवशी आपल्याकडून एकच जण जिंकली. दिव्या.

पण बुडापेस्टच्या आधी विक आन झे. हे नेदरलँड्समधलं समुद्रकाठचं गाव. दर जानेवारीत तिथं टाटा स्टीलची मानाची स्पर्धा होते. २०२४ मध्ये अठरा वर्षांची दिव्या तिथल्या चॅलेंजर्स गटात खेळली. निकाल चांगला लागला नाही, चौदा जणांत ती तळाकडे राहिली. परत आल्यावर तिनं इन्स्टाग्रामवर एक लांब पोस्ट लिहिली. ती हरण्याबद्दल नव्हती. तिचं म्हणणं साधं होतं. माझे काही डाव चांगले झाले, मला त्यांचा अभिमान वाटत होता, पण बघणाऱ्यांना त्यांत रसच नव्हता. त्यांचं लक्ष कपड्यांवर, केसांवर, बोलण्याच्या ढंगावर. मुलग्यांना त्यांच्या खेळावरून जोखतात, मुलींना बाकी सगळ्यावरून.

ही पोस्ट वाचून ज्या मुलीला आपली शेवटची प्रेझेंटेशन मीटिंग आठवली नाही, तिनं हात वर करावा. तीन रात्री जागून केलेली स्लाइड, आणि नंतर कॅन्टीनमध्ये चर्चा कशाची, तर कुर्त्याची. आपल्यातल्या मुलग्यांनीही जरा आठवून बघावं. दिव्याची पोस्ट फॉरवर्ड करणारे आणि त्याच दिवशी ऑफिसातल्या कुणाच्या तरी ॲक्सेंटची नक्कल करणारे, हे वेगवेगळे लोक नसतात.

तिनं त्यावर काय केलं? बोलली, आणि मग पटावर बसली. पाच महिन्यांत वीस वर्षांखालची जगज्जेती. आठ महिन्यांत बुडापेस्ट ऑलिंपियाड. तिसऱ्या पटावर अकरा डावांत साडेनऊ गुण, वैयक्तिक सुवर्ण. पोलंडकडून हरल्यावर दहाव्या फेरीत चीन समोर होतं. चारपैकी तीन डाव बरोबरीत सुटले, निकाली लागला तो दिव्याचा एकटीचा. शेवटच्या फेरीत अझरबैजान, तिथंही तिचा डाव तिनं जिंकला. भारतीय महिलांना ऑलिंपियाडचं पहिलं सुवर्ण मिळालं. त्या संघात हम्पी नव्हती, हे लक्षात ठेवा. तिच्याशी पुढे गाठ आहे.

आणि मग बाटुमी. शंभरावर खेळाडू, दिव्याचं मानांकन पंधरावं. म्हणजे ऑफिसच्या भाषेत, तिचं नाव प्रमोशनच्या यादीत नव्हतंच. चौथ्या फेरीत दुसऱ्या मानांकनाची चीनची झू जिनर. उपांत्यपूर्व फेरीत आपलीच हरिका. उपांत्य फेरीत चीनची माजी जगज्जेती तान झोंगयी. तिच्याविरुद्धचा दुसरा डाव १०१ चालींचा झाला. तासन्‌तास खुर्चीवर बसून, घड्याळात मिनिटं संपत असताना, शंभर वेळा निर्णय घ्यायचा आणि एकदाही कोसळायचं नाही.

अंतिम फेरीत कोनेरू हम्पी. वय ३८. हम्पी २००२ मध्ये पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली, तेव्हा दिव्याचा जन्मही झालेला नव्हता. तो २००५ चा. म्हणजे जिनं वाट पाडली, तिलाच हरवायचं होतं. २६ आणि २७ जुलैचे मोठे डाव बरोबरीत सुटले. २८ ला जलद डाव. पहिला बरोबरीत, दुसऱ्यात काळी मोहरी घेऊन दिव्या जिंकली. जिंकल्यावर ती रडली आणि आईला बिलगली. तेवढं सगळ्यांनी टीव्हीवर बघितलं. हम्पी पटावरून शांतपणे उठली, ते फार कमी जणांनी बघितलं. बहिणींची गोष्ट सांगायची, तर तेही बघायला हवं.

आता जरा पैशाचं बोलू, कारण करिअर म्हटलं की सीटीसी आलाच. विश्वचषकाचं पहिलं बक्षीस ५० हजार डॉलर. मोठी रक्कम आहे. पण २०२३ मध्ये बाकूला खुला आणि महिलांचा विश्वचषक एकाच शहरात, एकाच वेळी झाला. खुल्या गटाच्या विजेत्याला १ लाख १० हजार डॉलर, महिलांच्या विजेतीला ५० हजार. पट तोच, चौसष्ट घरं तीच, घड्याळ तेच. २०२५ मध्येही महिलांचा आकडा हलला नाही. बाटुमीनंतर महाराष्ट्र सरकारनं नागपुरात सत्कार करून दिव्याला ३ कोटी रुपये दिले. झकास! पण सरकारचा चेक जिंकल्यावर येतो. त्याआधीच्या तेरा वर्षांची विमानाची तिकिटं, हॉटेलं, प्रशिक्षकांच्या फिया, स्पर्धांच्या प्रवेश फिया, हे सगळं कुणी भरलं? दिव्याचे आई-वडील दोघंही डॉक्टर आहेत. हे सांगण्यात तिचं श्रेय कमी होत नाही. उलट बांध कशाचा असतो ते कळतं.

तिच्या बांधात आणखी एक माणूस आहे. राहुल जोशी, नागपुरातले तिचे पहिले प्रशिक्षक. २०२० मध्ये, ऐन चाळिशीत ते गेले. दिव्यानं ग्रँडमास्टर व्हावं ही त्यांची इच्छा होती, आणि विश्वचषक जिंकल्यावर तिनं तो त्यांनाच अर्पण केला. एक गोष्ट आणखी. दिव्या नागपूरची पहिली ग्रँडमास्टर नाही. २०१९ मध्ये रौनक साधवानी तेरा वर्षांचा असताना झाला, २०२१ मध्ये संकल्प गुप्ता. सहा वर्षांत तीन. ज्या शहराला आपण संत्री आणि उन्हाळ्यावरून ओळखतो, तिथं हे आपोआप होत नसतं. कुणीतरी रविवारच्या स्पर्धा भरवतं, कुणीतरी हॉल देतं, कुणीतरी पोरांना स्कूटरवर मागे बसवून आणतं. एका पोराला शेजारी तोडीस तोड दुसरं पोर मिळतं. मग पाणी साठतं.

आता परत चला कोहमाऱ्याच्या फाट्यावरून उजवीकडे. समजा, नवेगाव बांधच्या एखाद्या मुलीला बुद्धिबळ जमतं. जाम जमतं. आज तिच्या बापाच्या मोबाइलवर ती पोलंडच्या मुलीशीही खेळू शकते, फुकट. 'इंटरनेटनं सगळं सपाट केलं' म्हणणाऱ्यांना हे वाक्य फार आवडतं. पण मोबाइलवर फिडेचं रेटिंग मिळत नाही. त्यासाठी खऱ्या पटावर, मान्यताप्राप्त स्पर्धेत, आधीच रेटिंग असलेल्या खेळाडूंविरुद्ध निदान पाच डाव खेळावे लागतात. अशा स्पर्धा बहुतेक शहरातच होतात. म्हणजे नागपूर. म्हणजे तेच अडीच-तीन तास, जे आपण हौसेनं गाडी काढून, गाणी लावून पार करतो. तिच्यासाठी तोच रस्ता म्हणजे बापाच्या दोन दिवसांच्या मजुरीचं नुकसान, रात्रीच्या मुक्कामाची सोय आणि प्रवेश फी. रोवणीच्या दिवसांत स्पर्धा आली, तर विषयच संपला. आणि हे सगळं जमवून आणलं, तरी दहावी आहेच. 'आता खेळ पुरे, अभ्यासाला लाग' हे वाक्य मुलग्याला एकदा ऐकावं लागतं, मुलीला रोज.

या भागातल्या जुन्या तलावांना मामा तलाव म्हणतात. माजी मालगुजारी तलावांचं लाडकं नाव. १९५०-५१ च्या सुमारास मालगुजारी संपली, तलाव सरकारजमा झाले आणि देखभाल कुणाचीच राहिली नाही. कित्येक तलावांत गाळ भरत गेला. पाऊस कमी झाला नव्हता. पाऊस पडतच होता, फक्त तो अडवायला, साठवायला जागा उरली नव्हती. गुणवत्तेचंही हेच आहे. ती नागपुरात पडते आणि अर्जुनी मोरगावात पडत नाही, असं कुठल्याही देवानं ठरवलेलं नाही.

दिव्याच्या करिअरचं पुढचं पान जिंकण्याचं नाही, आणि मला ते जास्त आवडतं. सप्टेंबर २०२५ मध्ये समरकंदच्या ग्रँड स्विस स्पर्धेत ती महिलांच्या गटात न खेळता खुल्या गटात खेळली. तेव्हाचा विश्वविजेता गुकेश याच्याशी तिनं बरोबरी केली आणि बाकी बराच मारही खाल्ला. नोव्हेंबरात गोव्याच्या खुल्या विश्वचषकात पहिल्याच फेरीत ग्रीसच्या ग्रँडमास्टरकडून हरून ती बाहेर पडली. तीन महिन्यांपूर्वीची विश्वचषकविजेती! लगेच कुजबुज सुरू, 'बघा, फ्लूक होता.' अरे बाबांनो, महिला गटातलं उबदार आसन सोडून ती स्वतःहून अवघड खोलीत शिरली. प्रमोशननंतर आपण काय करतो? एसीच्या जवळची जागा बघतो. जगज्जेतेपदाच्या दारापर्यंत नेणाऱ्या २०२६ च्या महिला कँडिडेट्स स्पर्धेचं तिकीट तिनं बाटुमीतच कमावलं होतं. तरीही ती हरायला गेली, कारण आणखी चांगलं खेळायचं असेल, तर आपल्यापेक्षा भारी माणसासमोर बसावं लागतं. रोहिणी १९७६ मध्ये त्याचसाठी बसली होती. फरक इतकाच, की दिव्याला बसायला कोर्टाची परवानगी लागली नाही.

बुद्धिबळात प्याद्याला मागे फिरता येत नाही. एक-एक घर पुढे. पण ते शेवटच्या ओळीत, आठव्या घरात पोचलं, की त्याचा वजीर होतो. तो वजीर सगळ्यांना दिसतो, टाळ्या त्यालाच मिळतात. मधली घरं कुणी कुणी मोकळी करून ठेवली, ते डाव पहिल्यापासून बघितलेल्यालाच कळतं.

तेव्हा पुढच्या वेळी कुणी 'रातोरात' म्हणालं, तर त्याला ही नावं सांगा. वासंती, जयश्री, रोहिणी, भाग्यश्री, अनुपमा, स्वाती, ईशा, सौम्या. आणि तुमच्या ओळखीतली एखादी मुलगी स्पर्धा खेळून आली, जिंकून किंवा हरून, तर ड्रेस छान आहे म्हणण्याआधी तिला विचारा, 'शेवटची चाल कुठली खेळलीस?' उत्तर नाही कळलं तरी चालेल. तिला बोलू द्या.